मुक्या पडद्यावरचा आवाज

पीएल चालू होती. दोन दिवसांवर इंडस्ट्रियल इंजिनीअरिंगचा पेपर आणि माझं गाडं 'मोशन स्टडी'च्या पुढे सरकायला तयार नव्हतं. फ्रँक गिलब्रेथ नावाचा तो गवंडी, एक वीट रचायला लागणाऱ्या १८ हालचाली त्यानं चार-पाचवर आणल्या, मग त्यानं आणि त्याच्या बायकोनं, लिलियननं, माणसाच्या हातांच्या हालचालींचे तुकडे पाडले आणि स्वतःचंच आडनाव उलटं करून त्यांना 'थर्ब्लिग' असं नाव दिलं... हे सगळं तुम्हीही घोकलं असणारच. माझ्या रूममेटला अचानक साक्षात्कार झाला, की या गिलब्रेथच्या घरावर एक जुना पिक्चर आहे. 'चीपर बाय द डझन', १९५० चा. म्हणजे अभ्यासही होईल आणि टाइमपासही! मग काय, रात्री साडेअकराला पाच जणं एका लॅपटॉपसमोर.

पिक्चर मजेशीर आहे. बारा पोरं, शिट्टी वाजवणारा बाप, घरातही स्टॉपवॉच. पण माझं लक्ष त्या घरातल्या म्हाताऱ्या मोलकरणीकडे गेलं. मिसेस मोनाहन तिचं नाव. जाड, थकलेली, पदरात जेमतेम चार वाक्यं. पोरांनी तिचे सीन पुढे ढकलायला सुरुवात केली तेव्हा मीच म्हणालो, थांबा रे जरा. ती बाई बोलायला लागली की बाकी सगळे नट करतायत हे कळायचं आणि ही फक्त आहे, असं वाटायचं. आवाज तर असा, की लॅपटॉपच्या फुटक्या स्पीकरमधूनही भरून यावा.

शेवटी नावं आली तेव्हा वाचलं : सॅरा ऑलगुड. पेपर झाल्यावर (कसा गेला ते विचारू नका) मी तिच्याबद्दल मिळेल ते वाचत सुटलो. आणि मला जरा लाजच वाटली. जिचे सीन आम्ही ढकलत होतो ती बाई एके काळी आयर्लंडच्या रंगभूमीवरची सगळ्यात मोठी नटी होती!

तिची गोष्ट सांगावीशी वाटली म्हणून हा लेख.

सॅराचा जन्म १८८० च्या सुमारास डब्लिनमधला. तेव्हा आयर्लंड ब्रिटिश राज्यात होतं, आपल्यासारखंच. बाप छापखान्यात कंपोझिटर, प्रॉटेस्टंट आणि कडक शिस्तीचा. आई कॅथलिक. घरात खाणारी तोंडं पुष्कळ. बाप लवकर गेला आणि पोरांना लहान वयात कामाला लागावं लागलं. सॅरा खुर्च्या-कोचांना गादी-कापड चढवायचं काम शिकायला लागली. आजच्या भाषेत सांगायचं तर अप्रेंटिस.

मग नाटक कुठून आलं? तर स्वातंत्र्याच्या चळवळीतून. मॉड गॉन या पुढारी बाईंनी १९०० मध्ये 'आयर्लंडच्या कन्या' अशा अर्थाच्या नावाची बायकांची संघटना काढली होती. तिथे आयरिश भाषा, इतिहास, गाणी शिकवायचे आणि नाटकही. आपल्याकडे मेळे निघायचे ना, गणपतीतले, देशभक्तीचे, त्याच जातीचा हा प्रकार. सॅरा दिवसभर काम करून संध्याकाळी तिथे जायला लागली. विली फे आणि फ्रँक फे हे दोघे भाऊ तालमी घ्यायचे. दोघंही हौशी नट. त्यातला फ्रँक आवाजाच्या बाबतीत अक्षरशः वेडा माणूस होता. शब्द कसा फेकायचा, श्वास कुठे घ्यायचा, शेवटच्या रांगेतल्या माणसाला कुजबुज कशी ऐकू जाईल, हे तो रगडून रगडून घोटून घ्यायचा. सॅराला निसर्गानं खोल, भरदार आवाज दिला होता. फ्रँकनं त्याला वळण दिलं.

ही हौशी मंडळी पुढे कवी येट्स, लेडी ग्रेगरी आणि जे. एम. सिंज यांच्या नाटक कंपनीत गेली. २७ डिसेंबर १९०४ ला डब्लिनमध्ये ॲबी थिएटर उघडलं. जागा कसली, तर कारागिरांच्या संस्थेचं एक जुनं नाट्यगृह आणि त्याला लागून असलेलं शवागार! दोन्ही जोडून थिएटर केलं होतं. त्या पहिल्या रात्री लेडी ग्रेगरींच्या 'स्प्रेडिंग द न्यूज' या विनोदी नाटकात सॅरा मुख्य भूमिकेत होती. लवकरच तिला पगार सुरू झाला आणि ती कंपनीची पहिल्या नंबरची नटी झाली. (जाता जाता : आपल्या टागोरांचं 'डाकघर' १९१३ मध्ये इंग्रजीतून याच ॲबीनं रंगमंचावर आणलं होतं.)

इथे तिच्या धाकट्या बहिणीचा उल्लेख करायलाच हवा. मॉली. तीही नटी झाली, मेरी ओ'नील या नावानं. सिंज मॉलीच्या प्रेमात पडला, दोघांचं लग्न ठरलं, पण सिंज आजारी होता आणि १९०९ च्या मार्चमध्ये वारला. लग्न राहूनच गेलं. त्याच्या 'द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड' या नाटकात दोघी बहिणी होत्या. नायिका मॉली आणि विधवा क्विन सॅरा. जानेवारी १९०७ मध्ये हे नाटक आलं आणि डब्लिनमध्ये दंगा झाला. गावात येऊन मी माझ्या बापाला मारलं असं सांगणाऱ्या पोराला सगळं गाव डोक्यावर घेतं, ही गोष्ट लोकांना आयर्लंडची बदनामी वाटली. त्यात बाईच्या आतल्या कपड्याचा एक साधा शब्द आला आणि मग तर प्रेक्षक खवळलेच. रोज रात्री आरडाओरडा, पोलीस थिएटरमध्ये, आणि स्टेजवरचे नट तोंड हलवतायत पण शब्द ऐकू येत नाही! जिची सगळी कमाई आवाजात, तिला असं मुकं नाटक करावं लागलं. १९११ मध्ये कंपनी अमेरिकेला गेली, सॅराही गेली. तिथेही हाच तमाशा. न्यूयॉर्कला दंगा, आणि १९१२ च्या जानेवारीत फिलाडेल्फियाला तर नाटकातल्या नटांना चक्क अटक झाली. नंतर सुटले, पण विचार करा, नाटक केलं म्हणून अटक!

आता पुढचा भाग लिहिताना माझा हात जरा जड होतो.

१९१५ च्या सुमारास सॅरानं ॲबी सोडून एक व्यावसायिक दौरा स्वीकारला. नाटक 'पेग ओ' माय हार्ट'. गरीब आयरिश पोरगी श्रीमंत इंग्लिश नातेवाइकांच्या घरी येते आणि सगळ्यांची मनं जिंकते, असला गोड मामला. सिंज आणि येट्स करणाऱ्या बाईनं हे का करावं? कारण ॲबीत मान होता, पैसा नव्हता. आपल्याकडेही हौशी-प्रायोगिकवाल्यांना हे वेगळं सांगायला नको. पस्तिशीच्या आसपासची सॅरा अल्लड पोरीचं काम करत ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड फिरली आणि तिथल्या लोकांनी तिला डोक्यावर घेतलं. नाटकातला तिचा नायक होता जेराल्ड हेन्सन. १९१६ मध्ये मेलबर्नला दोघांनी लग्न केलं.

याच मुक्कामात तिनं पहिला चित्रपट केला. 'जस्ट पेगी', १९१८, अर्थात मूकपट. गंमत बघा, आवाजासाठी प्रसिद्ध असलेली बाई आणि पडद्यावरचं पहिलं काम तोंडाला कुलूप लावून! हा मूकपट आज कुठेही उपलब्ध नाही. त्या काळच्या पुष्कळ फिल्म नायट्रेटच्या होत्या, जळाल्या, सडल्या, फेकल्या गेल्या. तरुण, सुखात असलेली सॅरा त्या फिल्मबरोबर गेली.

कारण १९१८ या एकाच वर्षात तिचं सगळं संपलं. जानेवारीत तिला मुलगी झाली आणि ती लगेच गेली. एक दिवसही जगली नाही. नोव्हेंबरमध्ये महायुद्ध थांबलं, जग दिवाळी साजरी करत होतं, आणि न्यूझीलंडमध्ये फ्लूची साथ आली. हीच साथ त्याच वर्षी जूनमध्ये मुंबईत उतरली होती आणि आपल्या देशात तिनं एक कोटीहून जास्त माणसं नेली. न्यूझीलंड छोटा देश, तिथे दोन महिन्यांत सुमारे ९००० लोक गेले. त्यात वेलिंग्टनमध्ये जेराल्ड हेन्सनही होता. लग्नाला जेमतेम दोन वर्षं झाली होती.

सॅरानं पुन्हा लग्न केलं नाही. १९२० मध्ये ती एकटी परत आली.

आता मला जी गोष्ट सगळ्यात जास्त चटका लावून गेली ती सांगतो. यानंतर तिला ज्या भूमिकांनी मोठं केलं त्या सगळ्या आयांच्या आहेत. आणि त्यातही, मुलं गमावलेल्या आयांच्या.

शॉन ओ'केसी नावाचा एक लेखक डब्लिनला होता. झोपडपट्टीवजा चाळींत वाढलेला, मजुरी केलेला, स्वतःच्या जिवावर शिकलेला. त्याचं 'जुनो अँड द पेकॉक' ३ मार्च १९२४ ला ॲबीत आलं. नुकतंच यादवी युद्ध संपलं होतं, आयरिश माणसानं आयरिश माणसाला मारलं होतं. नाटकात दोन खोल्यांत राहणारं बॉईल कुटुंब आहे. बाप ऐतखाऊ, बढाईखोर आणि दारुडा, पाय दुखतो म्हणून काम टाळणारा. पोरगी फसवली जाते. पोरगा फितूर म्हणून मारला जातो. आणि हे सगळं एकटी ओढणारी आई जुनो, म्हणजे सॅरा. शेवटी पोराचं प्रेत ओळखायला जाताना ती देवाकडे मागणं मागते, की आमच्यातला हा खुनाळ द्वेष काढून घे. पहिल्यांदा शेजारणीचा पोरगा मेला होता तेव्हा आपण तिच्या दुःखाकडे पुरेसं बघितलं नाही, हेही तिला तेव्हाच कळतं. प्रेक्षकांत युद्धात घरची माणसं गेलेले लोक बसले होते. ॲबीत एक नाटक एक आठवडा चालायचं असा शिरस्ता होता. 'जुनो' दुसऱ्या आठवड्यात गेलं, असं त्या थिएटरच्या इतिहासात प्रथमच घडलं. पुढच्या वर्षी लंडनलाही ते गाजलं.

आणि आता येतो आपल्या इंजिनीअर लोकांच्या आवडीचा भाग!

१९२९ मध्ये आल्फ्रेड हिचकॉक लंडनजवळच्या एलस्ट्री स्टुडिओत 'ब्लॅकमेल' नावाचा मूकपट करत होता. सॅरा त्यात नायिकेची आई. काम चालू असतानाच स्टुडिओत ध्वनिमुद्रणाची नवी यंत्रं आली आणि ठरलं की हाच पिक्चर बोलपट म्हणूनही करायचा. म्हणजे एकच गोष्ट दोनदा, एक मुकी आणि एक बोलकी. कारण ब्रिटनमधल्या बहुतेक थिएटरांत तेव्हा आवाजाची सोयच नव्हती.

ही यंत्रणा कशी होती बघा. मायक्रोफोननं आवाजाचा विद्युत सिग्नल करायचा, त्यानं एक बारीक आरसा थरथरवायचा, आणि त्यावरून येणारा प्रकाश फिल्मच्या कडेच्या पट्टीवर पाडायचा. आवाज जसा, तशी त्या पट्टीची रुंदी कमी-जास्त. थिएटरमध्ये उलटा प्रवास : पट्टीतून दिवा पाडायचा, पलीकडे फोटोसेल, प्रकाशाचा पुन्हा सिग्नल, मग ॲम्प्लिफायर आणि कर्णा. कल्पना एकदम सोपी. पण भानगडी किती! कॅमेऱ्याची खरखर मायक्रोफोन पकडायचा, म्हणून कॅमेरा आणि कॅमेरामन दोघांनाही बंद खोक्यात कोंबायचे. डबिंग करायची सोय नव्हती. चित्रपटाची नायिका ॲनी ओंद्रा, तिचा उच्चार परदेशी, आणि तिला काम करायचं होतं लंडनच्या दुकानदाराच्या पोरीचं. मग काय केलं? जोन बॅरी नावाची दुसरी नटी कॅमेऱ्याच्या बाहेर मायक्रोफोनपुढे उभी राहून संवाद म्हणायची आणि ओंद्रा नुसते ओठ हलवायची. लाइव्ह! म्हणजे आपल्या गॅदरिंगला प्लेबॅक फसतो तसं फसलं तर पुन्हा पहिल्यापासून.

रातोरात मूकपटांतल्या कितीतरी नटनट्या घरी बसल्या. सॅरासाठी मात्र हे यंत्र म्हणजे इतक्या वर्षांनी उघडलेलं दार होतं. तिला कुणी आवाज उसना द्यायची गरज नव्हती. 'ब्लॅकमेल'मध्ये तिचं काम लहान आहे. सकाळी ती पोरीच्या खोलीत येते, पक्ष्याच्या पिंजऱ्यावरचं कापड काढते, पोरीला उठवते. पोरगी रात्रभर बाहेर काय भोगून आलीय हे आईला ठाऊक नाही. दोन्ही आवृत्त्या आज बघायला मिळतात. मी दोन्ही बघितल्या, आणि तुम्हीही बघा, विशेषतः ईअँडटीसीवाल्यांनी.

लगेच पुढच्या वर्षी, १९३० मध्ये, हिचकॉकनं 'जुनो अँड द पेकॉक' पडद्यावर आणलं आणि जुनो अर्थातच सॅरा. मॉलीही त्यात शेजारीण आहे. इथेही मिक्सिंग नाही. एका प्रसंगात ग्रामोफोनवरचं गाणं हवं होतं आणि तबकडी मिळेना, म्हणून छोटा वाद्यवृंद सेटवरच बसवला आणि स्टुडिओतला एक कामगार नाक दाबून गायला, म्हणजे आवाज ग्रामोफोनसारखा पातळ येईल! आमच्या मिनी प्रोजेक्टमधले जुगाड यापुढे काहीच नाहीत. चित्रपट म्हणून तो जरा नाटकीच आहे, कॅमेरा फारसा हलत नाही. आयर्लंडच्या लिमरिकमध्ये तर लोकांनी चिडून त्याची फिल्म रस्त्यावर जाळली. पण जुनोचं ते शेवटचं मागणं, मूळ नटीच्या आवाजात, त्यामुळेच आपल्यापर्यंत पोचलंय. दोन वर्षं आधी कुणी हे चित्रित केलं असतं तर आपल्याला फक्त हलणारे ओठ दिसले असते.

१९३५ मध्ये सिंजच्या 'रायडर्स टू द सी'वर एक छोटा चित्रपट झाला. सहाही मुलगे समुद्रात गमावणाऱ्या मोर्या या म्हातारीची ही गोष्ट. १९०४ मध्ये हे नाटक पहिल्यांदा झालं तेव्हा सॅरा त्यात मुलगी झाली होती. एकतीस वर्षांनी ती आई झाली.

१९४० मध्ये न्यूयॉर्कला पुन्हा 'जुनो' करून ती हॉलिवूडला गेली आणि तिथेच राहिली. १९४१ मध्ये जॉन फोर्डचा 'हाऊ ग्रीन वॉज माय व्हॅली' आला. वेल्समधल्या कोळसा खाणीवरच्या कुटुंबाची गोष्ट आणि सॅरा त्या घराची आई, बेथ मॉर्गन. संपात नवऱ्यावर लोक उलटतात तेव्हा ही बाई रात्री बर्फात धाकट्या पोराचा हात धरून संपकऱ्यांच्या सभेत जाते आणि माझ्या माणसाला कुणी हात लावला तर याद राखा, असा भर सभेत दम देते. यासाठी तिला सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर नामांकन मिळालं. ऑस्कर मेरी ॲस्टरला गेलं. चित्रपट मात्र 'सिटिझन केन'ला मागे टाकून त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट ठरला.

इथून तिचं नशीब फळफळायला हवं होतं. पण झालं उलटंच. हॉलिवूडला तिची एकच ओळख पटली : आयरिश म्हातारी. मग दाई, नर्स, घरमालकीण, स्वयंपाकीण, मोलकरीण, हेच. पाच मिनिटं, दहा मिनिटं. १९४६ च्या 'द स्पायरल स्टेअरकेस'मध्ये ती नर्स आहे. हा पिक्चर एका मुक्या मुलीवर आहे आणि त्याची सुरुवातच मूकपटाच्या खेळानं होते! तिकडे डब्लिनमध्ये तिच्या नावानं नाट्यगृहं भरली होती आणि इकडे ती दुसऱ्यांच्या बंगल्यांची दारं उघडत होती. १९४५ मध्ये तिनं अमेरिकन नागरिकत्व घेतलं. म्हणजे परतीचा विचारही संपला असणार.

आणि १९५० मध्ये आमचा 'चीपर बाय द डझन'. तिच्या शेवटच्या कामांपैकी एक. १३ सप्टेंबर १९५० ला लॉस एंजेलिसच्या वुडलंड हिल्स भागात हृदयविकारानं ती गेली.

माझा रूममेट म्हणतो, तिचं चुकलंच. ॲबी सोडायला नको होतं, मोठेपण तिथेच होतं. मला तसं वाटत नाही. ॲबीत राहिली असती तर आज तिच्याबद्दल फक्त लोकांनी लिहून ठेवलेलं उरलं असतं. आवाज अप्रतिम होता म्हणे, एवढंच. आपल्याकडच्या जुन्या संगीत नाटकांतल्या किती जणांबद्दल आपण असंच ऐकतो! ती फिरली, पडेल ते काम केलं, म्हणून तो आवाज फिल्मच्या कडेच्या त्या पट्टीवर उमटून राहिला. हेही तितकंच खरं, की त्याची किंमत तिनं मोजली, आणि ती थोडी नव्हती.

गिलब्रेथ दांपत्यानंही १९१२ पासून कामगारांच्या हालचाली टिपायला फिल्म कॅमेराच वापरला होता, मुकाच. अनावश्यक हालचाल दिसली की काढून टाकायची. पुस्तकात ते वाचताना मला आता मिसेस मोनाहन आठवते. ती जवळजवळ हलतच नाही. नुसती उभी राहते आणि बोलते.

तेव्हा मित्रांनो, पुढच्या पीएलमध्ये हा पिक्चर लावाल (लावालच!), तेव्हा ती म्हातारी आली की पुढे ढकलू नका. ऐका.